नक्कल न होणारा नट

मराठी नकलाकारांच्या कार्यक्रमाला बसलं की काही नावं ठरलेली असतात. निळू फुले यांचा घशातून घासत येणारा आवाज, दादा कोंडके यांचा भाबडा सूर, अशोक सराफ यांची शब्द तोडून फेकायची लकब, नाना पाटेकरांचा एकाएकी चढणारा आवाज. दोन शब्द कानावर पडले की प्रेक्षागृह ओळखतं आणि टाळी पडते. या यादीत दिलीप प्रभावळकर हे नाव सहसा नसतं. तात्या विंचूची नक्कल होते, आबा टिपऱ्यांची होते, चिमणरावांचीही होते. खुद्द प्रभावळकरांची होत नाही, कारण नकलाकाराला पकडायला तिथे काही हाती लागत नाही. त्यांची स्वतःची चाल कशी, त्यांचा स्वतःचा आवाज कोणत्या पट्टीतला, हे पन्नास वर्षं त्यांना बघत आलेल्या माणसालाही चटकन सांगता येणार नाही. मला ही त्यांच्या सबंध कारकिर्दीतली सर्वांत मोठी गोष्ट वाटते. तिच्याविषयी म्हणावं तितकं बोललं जात नाही. 'अष्टपैलू' म्हटलं की आपण मोकळे होतो.

त्यांचा जन्म 4 ऑगस्ट 1944 चा, मुंबईचा. शिक्षण रसायनशास्त्राचं, नोकरी औषधांच्या कंपनीत. अंगकाठी किरकोळ, चेहरा लांबट, गर्दीत मिसळला तर शोधावा लागेल असा. नायकाला जे लागतं असं आपण समजतो त्यातलं काहीच नाही. पण त्या काळच्या मुंबईत नायक व्हायला निघालेल्यांपेक्षा नाटक करायला निघालेल्यांची संख्या फार मोठी होती. दिवसभर बँकेत, विमा कंपनीत, सरकारी कचेरीत खर्डेघाशी करायची आणि संध्याकाळी दादर-गिरगावातल्या एखाद्या शाळेच्या वर्गात बाकं भिंतीला सरकवून तालमी करायच्या. तालमीनंतरची शेवटची लोकल गाठायची, सकाळी पुन्हा मस्टरवर सही. या माणसांना पैसे मिळत नव्हते आणि प्रसिद्धी तर नव्हतीच. मिळत होती ती एकच चीज, वेळ. वर्षानुवर्षं चुका करायला, वेगवेगळी माणसं अंगावर घालून बघायला मुबलक वेळ. आजच्या नटाला पहिल्या मालिकेतच एक चेहरा चिकटतो आणि तोच पुढे विकावा लागतो. प्रभावळकर घराघरांत पोचले तेव्हा पस्तिशीला टेकले होते. तोवर त्यांच्या पोतडीत बरंच काही जमा झालेलं होतं.

या जमवाजमवीत रत्नाकर मतकरी यांचा वाटा मोठा. मतकरी स्वतः बँक ऑफ इंडियात नोकरीला, आणि नोकरी सांभाळून लहान मुलांसाठी नाटकं करणारे. त्यांच्या 'अलबत्या गलबत्या'मधली चिंची चेटकीण प्रभावळकरांनी केली. हे नाटक पुढे 2018 मध्ये नव्यानं रंगभूमीवर आलं, वैभव मांगले यांनी चेटकीण रंगवली आणि नव्या पिढीनं ती डोक्यावर घेतली. त्या चेटकिणीचा पहिला ठसा प्रभावळकरांचा. पुरुषानं बाईचं सोंग घ्यायचं, त्यातून ती चेटकीण, आणि समोर पाच-सहा वर्षांची पोरं. मोठा प्रेक्षक कंटाळला तर घड्याळाकडे बघतो. लहान मूल कंटाळलं तर मोठ्यांदा आईला घरी चल म्हणतं. घाबरवायचं, पण इतकं नाही की रडून बाहेर न्यावं लागेल. हसवायचं, पण इतकं नाही की भीतीच उडून जाईल. नटाचा हात किती बारीक चालतो ते बालरंगभूमीवर दर मिनिटाला कळतं. बालनाट्य म्हणजे नाटकाची धाकटी पाती असं समजणाऱ्यांनी हा हिशोब एकदा तरी मांडून बघावा.

त्याच मतकरींनी 1974 मध्ये 'आरण्यक' केलं. महाभारताचं युद्ध संपून गेलेलं, म्हातारी माणसं वनात निघालेली. त्यात प्रभावळकर विदुर झाले आणि रवी पटवर्धन धृतराष्ट्र. विदुराचं वय उसनं घ्यावं लागेल असं तेव्हा त्यांचं वय होतं. 2018 मध्ये हे नाटक पुन्हा उभं राहिलं तेव्हा पटवर्धन आणि प्रभावळकर त्याच भूमिकांत उतरले. मधे चव्वेचाळीस वर्षं गेली होती, आणि तिशीत रंगवून आणलेलं म्हातारपण आता खरोखरच अंगावर आलेलं होतं. चेटकीण आणि विदुर ही दोन्ही कामं एकाच लेखकाच्या, एकाच गटातल्या नटानं थोड्याफार अंतरानं करावीत, यातच पुढचं सगळं आलं.

मग आले चिमणराव. चिं. वि. जोशी हे बडोद्यात पाली भाषेचे प्राध्यापक, आणि त्यांनी निर्माण केलेले चिमणराव व गुंड्याभाऊ हे मराठी विनोदातले अमर मावसभाऊ. या जोडीचं पडद्यावरचं अवतरण मुंबई दूरदर्शनच्या फार आधीचं आहे. 1940 च्या 'लग्न पहावे करून' या चित्रपटात दामुअण्णा मालवणकर चिमणराव होते आणि विष्णुपंत जोग गुंड्याभाऊ. दामुअण्णा नुसते समोर आले तरी हशा पिकायचा. सत्तरच्या दशकाच्या उत्तरार्धात मुंबई दूरदर्शननं 'चिमणराव गुंड्याभाऊ' ही मालिका केली तेव्हा प्रभावळकरांसमोर हा वारसा होता. दुसरा धाक त्याहून मोठा. ज्यांनी पुस्तकं वाचली होती त्या प्रत्येक घरात एक-एक चिमणराव आधीच राहत होता. गुंड्याभाऊ झाले बाळ कर्वे, आडव्या अंगाचे, भारदस्त. शेजारी उभे राहिले की अर्धा विनोद तिथेच होऊन जायचा.

प्रभावळकरांनी केलं ते असं, की चिमणराव हा विनोदी माणूस आहे हे चिमणरावाला कळूच दिलं नाही. हा कुटुंबवत्सल, भित्रा, थोडा बढाईखोर, थोडा कंजूष मध्यमवर्गीय गृहस्थ. त्याला आपली प्रत्येक अडचण अगदी गंभीर वाटते. बायकोसमोर शहाणपण मिरवायचं, संकट दारात आलं की गुंड्याभाऊच्या पाठीमागे सरकायचं, आणि संकट टळलं की कोट झटकून जणू आपणच ते परतवलं अशा थाटात पुढे यायचं. प्रेक्षकाला हसू येतं ते या गांभीर्याचं. दूरदर्शनचा जुना काळा-पांढरा पडदा, वरळीचा स्टुडिओ, दोन-तीन भिंतींचा सेट, फिरायला जागा नाही. अशा वेळी कॅमेरा नटाच्या तोंडाजवळ येऊन बसतो. रंगमंचावर शेवटच्या रांगेपर्यंत पोचवायची सवय असलेल्या अनेक नटांची तिथे फजिती झाली. प्रभावळकर मात्र छोट्या पडद्याचं माप पहिल्या फटक्यात ओळखून होते. त्या काळी टेप महाग, एक कार्यक्रम पुसून त्यावर दुसरा घ्यायची पद्धत. मुंबई दूरदर्शनच्या सुरुवातीच्या किती गोष्टी अशा पुसल्या गेल्या याची आठवण झाली की आजही जीव हळहळतो.

ऐंशीच्या दशकात मराठी चित्रपटात विनोदाची लाट आली. प्रभावळकरही त्यात होते. 1982 च्या 'एक डाव भुताचा'मध्ये भूत अशोक सराफ आणि ते भूत ज्याच्या मागे लागतं तो मास्तर प्रभावळकर. दोघांच्या अभिनयाची तऱ्हा निरनिराळी, आणि म्हणूनच तो चित्रपट आजही बघवतो. पण एकूण त्या दशकानं त्यांना दिलेलं काम त्यांच्या ताकदीच्या मानानं फुटकळच. स्पष्टच सांगायचं तर मराठी चित्रपटसृष्टीला हा माणूस कुठे बसवायचा हे बरीच वर्षं उमगलं नाही. रंगभूमीला ते उमगलं होतं.

जयवंत दळवींचं 'नातीगोती' हे त्याचं उदाहरण. काटदरे दांपत्याचा मुलगा बच्चू अंगानं वाढतोय, बुद्धीनं लहानच राहिलाय. त्याला भरवणं, आवरणं, सांभाळणं यातच आई-वडिलांचं आयुष्य खर्ची पडतंय. आपल्यामागे याचं काय, हा प्रश्न घरात सतत वावरतोय, कुणी तो मोठ्यानं उच्चारत नाही इतकंच. बच्चू केला अतुल परचुरे यांनी, आई स्वाती चिटणीस, वडील प्रभावळकर. या नाटकात रडवणं अगदी सोपं होतं. विषयच असा की नटानं आवाजाला जरा कंप दिला की रुमाल निघावेत. प्रभावळकरांनी वडिलांना रडवेलं केलं नाही, थकलेलं केलं. प्रेमाच्या आत साचत गेलेली चीड, त्या चिडीची स्वतःलाच वाटणारी लाज, आणि पुन्हा उठून त्याच मुलाचं करायला लागणं. अशा मुलाचा बाप सज्जनच असला पाहिजे, सतत हळवाच असला पाहिजे, ही आपली सोयीची समजूत. दळवींनी लिहिताना ती मोडली आणि प्रभावळकरांनी तिला रंगमंचावर थारा दिला नाही.

आणि मग 1991 मध्ये 'चौकट राजा'. स्मिता तळवलकर यांची निर्मिती, संजय सूरकर यांचं दिग्दर्शन. लहानपणीच्या अपघातानंतर नंदूची बुद्धी तिथेच थांबलेली. आई सुलभा देशपांडे. लहानपणची मैत्रीण मुन्नी आता कुणाची तरी बायको होऊन त्याच्या वस्तीशेजारी राहायला येते, आणि तिच्या मनातला जुना अपराधी भाव जागा होतो. नंदूची भूमिका मुळात दुसऱ्या नटासाठी योजलेली होती, ती ऐनवेळी प्रभावळकरांकडे आली. म्हणजे ज्या नटानं रंगमंचावर अशा मुलाचा बाप केला होता, त्यानं पडद्यावर तो मुलगा केला. एकाच दुःखाच्या दोन्ही बाजूंना उभं राहायची वेळ फार थोड्या नटांवर येते.

नंदूचं वय तिशी-चाळिशीतलं, शरीर पुरुषाचं. त्याच्या हाताला कुठे जायचं हे पटकन कळत नाही. मान थोडी कलती, शब्द अडखळत येतो, पण आनंद झाला की तो शब्दांच्या आधी सगळ्या अंगात पोचलेला असतो. मुन्नीला बघतानाचे त्याचे डोळे बघा. त्यात मागणी नाही, तक्रार नाही, ओळखीचा निव्वळ उजेड आहे. या भूमिकेचं मोल नटाच्या कसबापुरतं नाही. असं मूल घरात असलेली कुटुंबं त्या काळी पाहुणे आले की त्याला आतल्या खोलीत नेत. 'चौकट राजा'नंतर मराठी घरांत या मुलांविषयी थोडं मोकळं बोललं जाऊ लागलं, असं मला मनापासून वाटतं. नाटक-सिनेमानं समाज बदलतो असा माझा दावा नाही. पण एखादा नंदू हजारो घरांना 'आपला' वाटू लागतो, ही लहान गोष्ट नव्हे.

त्याच सुमाराला त्यांनी 'हसवाफसवी' लिहिलं. होय, लिहिलंही त्यांनीच. दिग्दर्शन चंद्रकांत कुलकर्णी यांचं, निर्मिती 'सुयोग'ची. एका नटानं सहा माणसं उभी करायची: चिमणराव जोग, नाना पुंजे, प्रिन्स वांटुंग पिन पिन, बॉबी मॉड, दीप्ती प्रभावळकर पटेल लुमुंबा आणि कृष्णराव हेरंबकर. नावं नुसती वाचली तरी लेखकाचा कान कळतो. ज्या बाईला तीन आडनावं आहेत तिच्याविषयी वेगळं काही सांगायची गरज उरत नाही.

एकानं अनेक भूमिका करण्याचे प्रयोग आपल्याकडे नवे नव्हते. पु. ल. देशपांडे यांनी 'बटाट्याची चाळ' एकट्यानं उभी केली, लक्ष्मणराव देशपांडे यांनी 'वऱ्हाड निघालंय लंडनला'मध्ये सबंध वऱ्हाड नाचवलं. त्या प्रयोगांत नट कपडे बदलत नाही, प्रेक्षकाच्या कल्पनेवर विसंबतो. 'हसवाफसवी'ची वाट निराळी होती. इथे माणूस आत जातो आणि दुसराच बाहेर येतो. वेश, केस, चेहरा, उंचीसुद्धा बदलल्यासारखी वाटते. मधली मिनिटं अगदी मोजकी. रंगमंचावर बाकीचे नट प्रसंग लांबवून धरतायत, आणि विंगेत एक माणूस साडीतून धोतरात जातोय. घाम पुसायला फुरसत नाही, रंग पुसून नवा चढवायचाय, आणि शिवाय मागच्या माणसाची चाल पायातून काढून टाकायचीय. ही शेवटची गोष्ट सर्वांत अवघड. कपडे उतरतात, पण मागच्या पात्राची लय अंगात रेंगाळते. प्रभावळकरांच्या अंगात ती रेंगाळत नसे. नवं पात्र आपला श्वास घेऊनच बाहेर यायचं.

शेवटी यायचे कृष्णराव हेरंबकर. संगीत रंगभूमीचे वयोवृद्ध नट. इथवर खदाखदा हसलेलं प्रेक्षागृह हळूहळू शांत होत जायचं. या पात्रामागे मोठा इतिहास उभा आहे. 1931-32 मध्ये बोलपट आला आणि ज्या नाटक मंडळ्यांच्या पंगतीला रोज शंभर पानं उठत होती त्यांचे पडदे एकेक करून गुंडाळले गेले. राजे, महाराजे, नायिका म्हणून मिरवलेली माणसं गावोगावी विसरली जात जात म्हातारी झाली. सत्काराच्या शालीपुरती त्यांची आठवण निघायची. हेरंबकर त्यांच्यातले. शरीर पार वाकलेलं, स्मरण अधूनमधून दगा देणारं, आणि तेवढ्यात थरथरत्या गळ्यातून जुन्या पदाची एखादी जागा अशी निघायची की गेलेलं वैभव क्षणभर दिसून जावं. इथे प्रभावळकरांनी म्हाताऱ्याची टर उडवली असती तरी लोक हसले असते, कारण संध्याकाळभर हसायची लय लागलेली होती. ती लय मोडून प्रेक्षकाला आदरापर्यंत आणून सोडणं हे धाडस. पुढे पुष्कर श्रोत्री यांनी हे नाटक समर्थपणे केलं, त्यामुळे लेखनाची ताकदही सिद्ध झाली. पण हेरंबकर म्हटलं की ज्यांनी मूळ प्रयोग पाहिला त्यांचा आवाज आजही खाली येतो.

1993 च्या 'झपाटलेला'बद्दल फार लिहायला नको, ते महाराष्ट्रातल्या प्रत्येक मुलाला पाठ आहे. दिग्दर्शक महेश कोठारे, बाहुल्याची करामत रामदास पाध्ये यांची, आणि तात्या विंचू हा गुंड प्रभावळकर. एकच गोष्ट नोंदवतो. तात्या विंचू हाडामांसाच्या रूपात पडद्यावर असतो तो थोडाच वेळ. मग तो बाहुल्यात शिरतो. तरी तो बाहुला निर्जीव वाटत नाही, कारण सुरुवातीच्या त्या थोड्या वेळात प्रभावळकरांनी जी कुटिल ऐट आणि जो आवाज दिला, तोच पुढे लाकडाला चढतो. खलपुरुष त्यांनी पुढेही केले. दूरदर्शनवरच्या 'साळसूद'मधला सज्जन चेहऱ्याचा दुर्जन, 'एनकाउंटर: द किलिंग'मधला पुनप्पा. हा पुनप्पा हिंदी प्रेक्षकाला चकित करून गेला. एरवी हिंदीनं त्यांना बहुधा दोन-चार प्रसंगांचीच कामं दिली.

आता लेखक प्रभावळकर. लोक हे त्यांच्या अभिनयाला लावलेलं शेपूट समजतात. माझ्या मते उलट आहे, या नटाची किल्ली त्यांच्या लेखनात आहे. 'गुगली'मधलं क्रिकेटवरचं विनोदी लेखन, 'बोक्या सातबंडे' हा खोडकर पण मनानं स्वच्छ मुलगा, 'पत्रापत्री'मधली पत्रं, आणि 'अनुदिनी'. 'अनुदिनी'त एका मध्यमवर्गीय घरातली माणसं आपापली रोजनिशी लिहितात. एकच घर, एकच दिवस, पण आजोबांच्या वहीत तो वेगळा, सुनेच्या वहीत वेगळा, कॉलेजातल्या नातवाच्या वहीत आणखी वेगळा. रोजनिशी आणि पत्र या दोन्ही प्रकारांत लेखकाला स्वतःच्या आवाजात बोलताच येत नाही. ज्याची वही त्याची भाषा. त्यानं कोणता शब्द वापरला असता, कुठे वाक्य अर्धं सोडलं असतं, काय लपवलं असतं, हे ओळखूनच लिहावं लागतं. हीच सवय घेऊन जो रंगमंचावर जातो त्याला लकब कशी जडणार? लकब ही नटाची स्वतःची वही असते, आणि प्रभावळकर ती घरी ठेवून येतात.

'अनुदिनी'वरूनच 2001 मध्ये 'श्रीयुत गंगाधर टिपरे' आली. अल्फा मराठी वाहिनी, दिग्दर्शक केदार शिंदे. आबा प्रभावळकर, मुलगा शेखर म्हणजे राजन भिसे, सून श्यामला म्हणजे शुभांगी गोखले, नातवंडं शिऱ्या आणि शलाका म्हणजे विकास कदम आणि रेश्मा नाईक. कट नाही, कारस्थान नाही, विष कालवलेला दुधाचा पेला नाही. घरात येणाऱ्या किरकोळ अडचणी, आणि त्यातून मिश्कीलपणे वाट काढणारे आजोबा. आबांचं वैशिष्ट्य असं की ते उपदेश करत नाहीत. मराठी मालिकेतला म्हातारा एक तर देवघरात बसलेला असतो नाही तर रडत असतो. आबांना नव्या गोष्टींचं कुतूहल आहे, नातवाच्या लबाडीत भागीदार व्हायची तयारी आहे आणि चूक सांगायची वेळ आली तर ती ते आडवळणानं सांगतात. तेव्हा प्रभावळकरांनी साठीही ओलांडली नव्हती. मालिका लोकांना हवीहवीशी असतानाच थांबली. आजच्या हजार-हजार भागांच्या रेट्यात तो निर्णय किती शहाणपणाचा होता ते जाणवतं.

1 सप्टेंबर 2006 ला 'लगे रहो मुन्नाभाई' प्रदर्शित झाला आणि महाराष्ट्राबाहेरच्या प्रेक्षकानं हा नट पाहिला. गांधीजी तोवर पडद्यावर पुष्कळदा आले होते. बेन किंग्जले यांचा 1982 चा गांधी जगभर गेलेला, श्याम बेनेगल यांच्या चित्रपटातला रजित कपूर यांचा गांधी जाणकारांना प्रिय. ते गांधी इतिहासातले होते. राजकुमार हिरानी यांना हवा होता मुन्नाच्या डोक्यातला गांधी. मुन्ना ग्रंथालयात दिवस-रात्र पुस्तकं वाचत बसतो आणि गांधीजी त्याच्यापुढे येऊन उभे राहतात. दिसतात ते फक्त त्याला. पुढे एका प्रसंगात जाहीर सभेसारख्या ठिकाणी मुन्नाला कोंडीत पकडलं जातं आणि उलगडा होतो की हे गांधीजी तेवढंच सांगू शकतात जेवढं मुन्नाला माहीत आहे. मुन्नाला उत्तर ठाऊक नसेल तर गांधीजी गप्प.

नटाच्या बाजूनं याचा विचार करून बघा. महात्मा गांधी करायचे, पण ज्ञान एका टपोरीएवढं. त्यांच्यात आत्मविश्वास हवा, कारण मुन्नाची श्रद्धा तशी आहे. अधिकारवाणी नको, कारण त्या वाणीला मुन्ना घाबरला असता. आणि ज्या क्षणी उत्तर सापडत नाही त्या क्षणी गांधीजी हरलेले दिसता कामा नयेत, ओशाळलेले तर मुळीच नाहीत. प्रभावळकरांनी हे सगळं एका मऊ, विनंतीच्या सुरात बसवलं. त्यांचा गांधी आज्ञा देत नाही, सुचवतो, आणि मग बाजूला होऊन वाट पाहतो. ती वाट पाहण्याची पद्धत मला सगळ्यात आवडते. चित्रपटात नायक बोलत असताना मागे उभ्या असलेल्या नटानं काय करायचं हा नेहमीचा पेच. इथे मागे उभे असलेले प्रभावळकर काहीच करत नाहीत, आणि तरी आपलं लक्ष त्यांच्याकडे जातं. या भूमिकेसाठी आणि गजेंद्र अहिरे यांच्या 'शेवरी'तल्या भूमिकेसाठी मिळून त्यांना सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. एक हिंदी, एक मराठी. एक राष्ट्रपिता, एक साधा माणूस. परीक्षकांनी नटाची नाडी बरोबर ओळखली असं म्हणायला हवं.

त्यानंतर नव्या मराठी चित्रपटकारांनी त्यांना हक्कानं बोलावलं. उमेश कुलकर्णी यांच्या 'वळू'त ते होते, आणि 2011 च्या 'देऊळ'मध्ये गावातले जाणते अण्णा. गावात देवळाची धांदल वाढत जाते तसतसे अण्णा बाजूला पडत जातात. ओरडत नाहीत, भांडत नाहीत, हळूहळू अनावश्यक होतात. शहाण्या माणसाचं असं कडेला लोटलं जाणं इतक्या कमी शब्दांत क्वचितच कुणी दाखवलं असेल. 2013 चा 'नारबाची वाडी' मनोज मित्र यांच्या 'साजानो बागान' या बंगाली नाटकावरून आलेला. खोताला वाडी हवीय, नारबाच्या मरणाची तो वाट बघतोय, आणि नारबा काही मरायला तयार नाही. मूळ बंगाली पण बघताना वाटतं की हा म्हातारा कोकणातल्याच लाल मातीतून उगवला आहे.

कोकणानंच त्यांना 12 सप्टेंबर 2025 ला पुन्हा एकदा मोठ्या पडद्यावर मध्यभागी आणलं. सुबोध खानोलकर यांचा 'दशावतार'. बाबुली मेस्त्री हा दशावतारी नट, वय झालेलं, शरीर साथ देईनासं झालेलं, मुलगा माधव म्हणतोय आता थांबा. दशावतार ज्यांनी जत्रेत रात्रभर बसून पाहिला असेल त्यांना ठाऊक आहे की त्यात लिहिलेली संहिता नसते. आख्यान ठरतं, कुणी काय व्हायचं ते ठरतं, संवाद उभ्या उभ्या सुचतात. पेटी, मृदंग, झांज. नट आपला रंग आपणच लावतो, स्त्रीपार्टीही पुरुषच करतो, आणि रात्री ज्याच्या पाया पडले तो राजा सकाळी ट्रंक उचलून पुढच्या गावाची वाट धरतो. चेटकिणीपासून हेरंबकरांपर्यंत सोंगं आणलेल्या नटाला एक्याऐंशीव्या वर्षी सोंग आणणाऱ्याचंच सोंग आणायला मिळालं. चित्रपटाच्या उत्तरार्धात बाबुली एकेका अवताराचं रूप घेतो, जंगलात, पाण्यात. त्या वयाला ते कष्ट थोडे नव्हेत. मला मात्र जास्त लक्षात राहतो तो रंग न लावलेला बाबुली, मुलाशी बोलताना नजर चुकवणारा. थांबायला हवं हे त्याला कळतं, आणि थांबलो तर आपण कोण उरतो हे त्याला ठाऊक नाही.

मध्यंतरी 'पत्रापत्री' रंगमंचावर आलं, जोडीला विजय केंकरे. दोन माणसं, समोर पत्रं. वेश बदलायला विंगेत धावायचं नाही, रंग पुसायचा नाही. त्यातही पत्र बदललं की माणूस बदलतो, फक्त आवाजावर.

प्रभावळकरांनी 'एका खेळियाने' या पुस्तकात आपल्या भूमिकांविषयी स्वतः लिहून ठेवलं आहे. नाट्यशिक्षणाच्या प्रत्येक वर्गात ते वाचलं जायला हवं. पण ती नटाची बाजू झाली. प्रेक्षकाची बाजू अजून कुणी नीट गोळा केलेली नाही. मतकरी 2020 मध्ये गेले, रवी पटवर्धनही त्याच वर्षी, बाळ कर्वे 2025 मध्ये. ज्या मुलांनी पहिली चिंची चेटकीण पाहिली ती आज साठीच्या आसपास आहेत. म्हणून या लेखाच्या वाचकांना एक विनंती. तुम्ही ती चेटकीण पाहिली असेल, 1974 चं 'आरण्यक' पाहिलं असेल, 'नातीगोती'तले वडील किंवा मूळ 'हसवाफसवी'तले हेरंबकर पाहिले असतील, तर ती आठवण लिहून काढा: कोणतं नाट्यगृह, तो कसा चालत आला, कोणत्या वाक्याला प्रेक्षागृह शांत झालं. घरात जुनी तिकिटं, जाहिरातींची कात्रणं, नाटकाच्या ध्वनिफिती असतील तर रद्दीत घालू नका. जवळच्या ग्रंथालयाकडे किंवा नाट्यसंस्थेकडे द्या.